सुप्त टीबी आणि नोकरी: रिपोर्ट हाती आल्यापासून गोळ्या संपेपर्यंत

घरात कुणाला तरी टीबी निघाला, मग आशाताई आल्या, घरातल्या सगळ्यांची तपासणी झाली आणि तुमची टेस्ट पॉझिटिव्ह आली. किंवा सांधेदुखीचं भारी इंजेक्शन सुरू करण्याआधी डॉक्टरांनी टेस्ट करायला लावली आणि तीत निघालं. खोकला नाही, ताप नाही, तब्येत ठणठणीत. उद्या पहिल्या पाळीला जायचंय. जावं की नाही?

जा. सुप्त टीबी म्हणजे जंतू शरीरात आहे पण गप्प आहे, आजार नाही. असा माणूस कुणाला टीबी देऊ शकत नाही. ना खोकून, ना डब्यातून, ना एका बाटलीतलं पाणी पिऊन. मी पुणे जिल्ह्यातल्या एका कारखान्याच्या ओएचसीत, म्हणजे आतल्या दवाखान्यात, नर्स आहे. हा प्रश्न माझ्या टेबलापर्यंत येतो तो नेहमी हळू आवाजात, मागे कुणी उभं नाही ना हे बघून. माझं मत विचाराल तर या माणसांना जंतूचा त्रास कमी होतो आणि घाबरून, घाईत घेतलेल्या निर्णयांचा जास्त. कुणी कामच सोडतो, कुणी गोळ्या मध्येच बंद करतो, कुणी नको त्याला नको तेवढं सांगून बसतो. म्हणून सगळं क्रमाने लिहिते आहे.

आधी आजार नाही ना, हे पक्कं करा

टेस्ट पॉझिटिव्ह म्हणजे टीबीचा जंतू कधीतरी शरीरात शिरला आणि शरीराने त्याची दखल घेतली, इतकंच. तो गप्प आहे की आजार सुरू झालाय, हे ती टेस्ट सांगत नाही. ते दुसऱ्या तपासणीतून ठरतं, आणि गोळ्यांच्या आधी ती झालीच पाहिजे.

डॉक्टर चार गोष्टी विचारतील: खोकला, ताप, वजन घटणं, रात्री घाम येणं. खरी उत्तरं द्या. कारखान्यातला माणूस खोकल्याला "धुळीचा आहे" म्हणून सोडून देतो आणि विडी ओढणारा "नेहमीचाच आहे" म्हणतो. दोन आठवड्यांवर गेलेला खोकला कुणाचाच नेहमीचा नसतो. त्यानंतर छातीचा एक्स-रे. त्यात काही दिसलं किंवा चारपैकी एखादं लक्षण असलं तर बेडका तपासायचा, तोही सीबीनॅट किंवा ट्रूनॅट मशीनवर. (ट्रूनॅट गोव्यातल्या कंपनीचं आहे, बॅटरीवर चालतं आणि आता बऱ्याच सरकारी केंद्रांत असतं.) सरकारी केंद्रात हे सगळं फुकट होतं.

हे टाळून थेट प्रतिबंधाची गोळी सुरू केली आणि आत आजार असला, तर एक-दोन औषधांनी तो बरा होत नाही. उलट जंतू त्या औषधांना दाद देईनासा होतो. उलट्या बाजूची चूकही मी पाहिली आहे: नुसती इग्रा, म्हणजे टीबीच्या बाधेची रक्ताची टेस्ट, पॉझिटिव्ह बघून एका खासगी दवाखान्यात चार औषधांचा सहा महिन्यांचा, म्हणजे आजारावरचा, कोर्स लिहून दिलेला. एक्स-रे स्वच्छ, लक्षण एकही नाही, तरी. असं झालं तर कागद घेऊन सरळ जवळच्या सरकारी क्षयरोग केंद्रात जा आणि दुसरं मत घ्या.

रिपोर्ट कसा वाचायचा

तीन प्रकारच्या टेस्ट दिसतील. मँटूमध्ये हातावर सुई देतात आणि ४८ ते ७२ तासांत फुगवटा मोजतात. लाली मोजत नाहीत, हाताला लागणारा कडक उंचवटा मोजतात. साधारण १० मिलिमीटर किंवा जास्त म्हणजे पॉझिटिव्ह. एचआयव्ही असेल तर ५. नोकरदारासाठी एक साधी गोष्ट: ही टेस्ट सोमवारी किंवा मंगळवारी करून घ्या. गुरुवारी सुई घेतली तर मोजायचा दिवस शनिवार-रविवारी येतो, केंद्र बंद असतं, पुन्हा खाडा, पुन्हा सुई.

लहानपणी घेतलेल्या बीसीजी लशीमुळे मँटू कधीकधी उगाच पॉझिटिव्ह येते. रक्ताची इग्रा टेस्ट आणि पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटची साय-टीबी ही नवी त्वचा-टेस्ट यांना ती अडचण नाही. साय-टीबीला २०२२ मध्ये भारतात परवानगी मिळाली. तीत ५ मिलिमीटरलाच पॉझिटिव्ह धरतात, म्हणून मँटूचे आकडे तिला लावू नका.

इग्राच्या एका प्रकारात रिपोर्टवर ०.३५ ही रेघ असते, तिथून वर पॉझिटिव्ह. कुणाचा आकडा ०.९ येतो, कुणाचा ७ च्या वर, आणि ७ वाला रात्रभर झोपत नाही. आकडा मोठा म्हणजे जंतू जास्त किंवा आजार जवळ, असं त्यावरून ठरत नाही. आणि लॅबवाल्याने "टीबी आयजीजी, आयजीएम" अशी रक्ताची अँटिबॉडी टेस्ट पुढे केली तर करू नका. त्या टेस्ट भरवशाच्या नाहीत म्हणून सरकारने २०१२ मध्येच त्यांच्यावर बंदी घातली.

धीरासाठी दोन आकडे. २०१९ ते २१ मध्ये झालेल्या राष्ट्रीय पाहणीत पंधरा वर्षांवरच्या भारतीयांपैकी सुमारे ३१ टक्के लोकांना ही बाधा आढळली. तुमच्या पंचवीस जणांच्या लाइनवर सात-आठ जण तरी असेच असतील. त्यांनी टेस्ट केलेली नाही, एवढाच फरक. आणि ज्यांना बाधा आहे अशा शंभरांतल्या पाच ते दहा जणांनाच आयुष्यात कधीतरी आजार होतो. मात्र त्यातला मोठा हिस्सा पहिल्या दोन वर्षांत होतो. म्हणून घरात नुकताच टीबी निघाला असेल तर "बघू पुढे" म्हणायची सोय नाही.

गोळ्या: कोणासाठी, कोणत्या

पॉझिटिव्ह आलेल्या प्रत्येकाला गोळ्या लागतातच असं नाही. घरातल्या रुग्णाच्या सहवासातले, एचआयव्ही असलेले, डायलिसिसवर असलेले, अवयव बदललेले, सिलिकोसिस (सिलिकाच्या धुळीने होणारा फुफ्फुसाचा आजार) झालेले, प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं घेणारे यांनी घ्याव्यात, असा राष्ट्रीय क्षयरोग कार्यक्रमाचा आग्रह असतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या म्हणण्यानुसार या गोळ्यांनी आजार होण्याची शक्यता ६० ते ९० टक्क्यांनी कमी होते.

सरकारी केंद्रात याला टीपीटी, म्हणजे टीबीचा प्रतिबंधक उपचार, म्हणतात आणि सहसा दोनपैकी एक कोर्स देतात. एक म्हणजे आयसोनियाझिडची रोज एक गोळी, सहा महिने. दुसरा आठवड्यातून एकदा आयसोनियाझिड आणि रिफापेंटिन एकत्र, बारा आठवडे. मोठ्या माणसाला दुसऱ्यात एका वेळी जोडगोळ्या असतील तर तीन, सुट्या असतील तर नऊपर्यंत गोळ्या घ्याव्या लागतात. मूठभर गोळ्या बघून दचकायला होतं, पण पाळीत काम करणाऱ्यांना मी हाच मागून घ्या म्हणते. रोजची गोळी दिवसपाळीत नीट चालते. रात्रपाळी लागली की झोपेबरोबर तीही निसटते.

एक गोष्ट डॉक्टरांनी विचारली नाही तरी त्यांना सांगा: घरातल्या रुग्णाला साधा टीबी आहे की औषधांना दाद न देणारा. तसा असेल तर तुमच्या गोळ्या वेगळ्या असतात. रुग्णाच्या कार्डाचा फोटो मोबाइलमध्ये ठेवा.

चालू असलेली सगळी औषधं दाखवा. रिफापेंटिनमुळे गर्भनिरोधक गोळ्यांचा भरवसा राहत नाही. तेवढ्या काळात कंडोम किंवा तांबी. रक्त पातळ करणाऱ्या, फिटच्या, एचआयव्हीच्या आणि काही शुगरच्या गोळ्यांचा असरही त्याने बदलतो. दिवस गेले असतील किंवा शक्यता असेल तर आठवड्याचा कोर्स देत नाहीत. लिव्हरचा जुना त्रास असेल तर आधी रक्त तपासतात.

पाळीत गोळी कशी बसवायची

बहुतेक कोर्स इथेच गडबडतात, म्हणून जरा सविस्तर.

आठवड्याचा कोर्स असेल तर साप्ताहिक सुट्टीच्या आदल्या रात्री, जेवणानंतर गोळी घ्या. भोसरी-पिंपरीकडे बऱ्याच ठिकाणी सुट्टी गुरुवारची, म्हणजे बुधवारची रात्र. कारण असं, की काहींना डोस घेतल्यावर काही तासांनी कणकण, अंगदुखी, डोकेदुखी होते. बहुतेकदा दिवसभरात उतरते. ती झोपेत आणि सुट्टीत गेलेली बरी. क्वचित चक्करही येते, म्हणून कुठलाही डोस कामावर निघताना कधीच घेऊ नका. फोर्कलिफ्टवाले, प्रेसवर बसणारे, उंचावर चढणारे, यांनी तर नाहीच.

मी हे सांगते तेव्हा दोन-चार चेहरे पडतात, कारण सुट्टीची आदली रात्र दुसऱ्याच कार्यक्रमाची असते. दारू आणि ही गोळी दोघींचा भार लिव्हरवर पडतो. "गोळीच्या दिवशी नाही घेत, दुसऱ्या दिवशी घेतो" हा हिशेब चालत नाही, कोर्सभर बंद. तीन महिने जमणार नसेल तर डॉक्टरांना तसं स्पष्ट सांगा. लपवून दोन्ही चालू ठेवण्यापेक्षा ते कितीतरी बरं.

दुसऱ्या दिवशी लघवी, घाम, डोळ्यांतलं पाणी लालसर-केशरी होतं. हा औषधाचा रंग आहे, रक्त नव्हे. पांढऱ्या युनिफॉर्मच्या काखेत डाग पडू शकतो, कॉन्टॅक्ट लेन्स कायमची रंगू शकते. त्या दिवसांत चष्मा वापरा. कंपनीची वार्षिक मेडिकल त्याच आठवड्यात आली तर लघवीचा नमुना देताना नर्सला सांगा, नाहीतर ती बिचारी घाबरते.

डोस चुकला तर? दोन दिवसांच्या आत आठवला तर लगेच घ्या आणि पुढचा ठरल्या वारीच घ्या. त्याहून उशिरा आठवला तर तेव्हाच घ्या आणि तोच तुमचा नवा वार धरा. दोन डोस चार दिवसांपेक्षा जवळ येऊ देऊ नका, दोन एकदम तर कधीच नाही. तीनपेक्षा जास्त चुकले तर स्वतः ठरवू नका, केंद्रात जा. बारापैकी अकरा डोस सोळा आठवड्यांत झाले तर कोर्स पूर्ण धरतात. गावी, लग्नाला किंवा दिवाळीला जाताना डोस बरोबर न्या. केंद्र आगाऊ देतं.

रोजच्या गोळीवाल्यांनी ती पाळीला बांधू नये, न बदलणाऱ्या गोष्टीला बांधावी. आमच्याकडच्या एका दादाने पट्टी डब्याच्या पिशवीच्या बाहेरच्या कप्प्यात ठेवली. पाळी कुठलीही असो, डबा भरताना गोळी. मोबाइलच्या गजरापेक्षा हे टिकलं, कारण गजर रात्रपाळीनंतर झोपेत बंद होतो.

अ‍ॅसिडिटीचं पातळ औषध गोळीबरोबर नको. आधी गोळी, मग निदान तासाभराने ते. हातापायांना मुंग्या येऊ नयेत म्हणून बी-६ चं जीवनसत्त्व देतात, ते "ताकदीची गोळी" म्हणून बाजूला टाकू नका. कोकणातल्या मंडळींसाठी खास: आयसोनियाझिड चालू असताना बांगडा किंवा कुपा जरा जुना झालेला असेल तर चेहरा लाल होणं, डोकं ठणकणं, धडधडणं असा त्रास होतो. ताजा नसेल तर सोडून द्या.

हे झालं तर गोळी थांबवा आणि त्याच दिवशी दाखवा

भूक एकदम जाणं, सतत मळमळ किंवा उलटी, उजव्या बरगडीखाली दुखणं, डोळे पिवळे, लघवी गडद तपकिरी. हे लिव्हरचं लक्षण आहे. केशरी लघवीशी गल्लत करू नका. आरशात डोळ्यांचा पांढरा भाग बघा. अंगभर पुरळ, चक्कर येऊन पडणं, श्वास लागणं हेही तसंच. आपल्याकडे "औषध उष्ण आहे" म्हणून सोसायची सवय आहे. इथे सोसायचं नाही.

मुंग्या, थोडी मळमळ, कणकण यांसाठी गोळी बंद न करता फोन करा. सरकारच्या टीबी कार्यक्रमाची, म्हणजे निक्षयची, हेल्पलाइन १८००-११-६६६६ टोल-फ्री आहे.

कुणाला सांगायचं

साहेबाला सांगायलाच हवं का? साध्या ऑफिसात, दुकानात, असेंब्ली लाइनवर याची काही गरज नाही. तुमच्यापासून कुणाला धोका नाही, कामावर बंधन नाही, रजाही लागत नाही. ज्यांना सांगण्यात फायदा आहे ते वेगळे: ओएचसीचे डॉक्टर, कारण औषधांची गल्लत होऊ नये, आणि एक घरचं माणूस, जे आठवण करेल. दवाखान्यात किंवा लॅबमध्ये काम करत असाल तर तिथल्या कर्मचारी-आरोग्य विभागाला कळवून ठेवा, कारण तिथे पुन्हा टेस्ट होऊ शकते.

कुणाच्या तरी तोंडून बाहेर पडलंच तर वाद घालत बसू नका, कागद दाखवा. उपचार करणाऱ्या डॉक्टरांकडून सुरुवातीलाच असं पत्र घेऊन ठेवा:

"यांना सक्रिय क्षयरोग नाही. छातीचा एक्स-रे सामान्य. इतरांना संसर्ग होण्याचा धोका नाही. प्रतिबंधात्मक उपचार सुरू आहेत. कामावर कोणतेही बंधन नाही."

पाच ओळी, सही, शिक्का, तारीख. "सुप्त टीबी, उपचार चालू" एवढंच लिहिलेलं पत्र घेऊ नका. सुपरवायझर त्यातला "टीबी" आणि "उपचार" एवढंच वाचतो.

आमच्याकडे एका पोराचं कळल्यावर लाइनचा लीडर माझ्याकडे आला. "ताई, ह्याला कँटीनमध्ये वेगळं बसवू का?" मी त्याला विचारलं, याला खोकताना पाहिलंयस का? "नाही." एक्स-रे स्वच्छ आहे, आत काही नाही तर बाहेर काय येणार? तो डोकं खाजवत गेला. दुपारी दोघं एकाच टेबलावर होते. सगळीकडे इतक्या सहज निभावत नाही, हे मला ठाऊक आहे. ठेकेदाराकडची पोरं तर सांगायलाच घाबरतात, कारण त्यांना काढायला कारण लागत नाही. त्यांना माझा सल्ला: कंपनीत कुणालाच सांगू नका, गोळ्या राहत्या घराजवळच्या केंद्रातून घ्या, आणि केंद्राची फेरी सुट्टीच्या दिवशी किंवा दुसऱ्या पाळीच्या आठवड्यात सकाळी उरका.

पुढेमागे खरोखर आजार झालाच तर गोष्ट वेगळी. तेव्हा सुरुवातीला रजा लागते, आणि ईएसआय (कामगार विमा) असेल तर दीर्घ आजारांच्या यादीत टीबी आहे. सेवेच्या अटी पूर्ण असतील तर पगाराच्या ८० टक्के दराने दोन वर्षांपर्यंत लाभ मिळू शकतो. सुप्त टीबीला हे लागू नाही, आणि लागायचं कारणही नाही.

कामाची जागा आणि खोली

गोळ्या आत्ताच्या जंतूवर काम करतात. उद्या नवा शिरला तर त्याला अडवत नाहीत. म्हणून हवा महत्त्वाची. एमआयडीसीच्या आसपास एका खोलीत सहा-आठ जण राहतात. पहिल्या पाळीचा उठला की तिसऱ्या पाळीचा त्याच गादीवर येऊन पडतो. खिडकीला डासांमुळे पुठ्ठा लावलेला. पुठ्ठा काढा आणि जाळी लावा. खोलीतल्या कुणाला दोन आठवड्यांचा खोकला असेल तर त्याला धरून तपासायला न्या. त्यात तुमचाही स्वार्थ आहे.

फाउंड्री, खडी क्रशर, सँडब्लास्टिंग, दगड घडवणं या कामांत सिलिकाची धूळ असते, आणि ती फुफ्फुसात बसली की टीबी होण्याचा धोका कितीतरी पटींनी वाढतो. अशा ठिकाणी तुमची टेस्ट पॉझिटिव्ह असेल तर गोळ्यांबद्दल टाळाटाळ नको. तोंडाला रुमाल बांधून ही धूळ अडत नाही; योग्य रेस्पिरेटर मागा आणि शक्य असेल तर विभाग बदलून घ्या. हा एकच प्रसंग आहे जिथे मी कंपनीच्या डॉक्टरांना सांगाच म्हणते. शुगर असेल तर आटोक्यात ठेवा, विडी-सिगारेट सोडा. आणि खाणं: झारखंडमध्ये टीबी रुग्णांच्या घरच्यांना दरमहा तांदूळ-डाळ आणि जीवनसत्त्वं देऊन पाहिली, २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात घरच्यांना टीबी होण्याचं प्रमाण ३९ टक्क्यांनी कमी झालं. पाळीत वडापाववर भागवणाऱ्यांनी डब्यात डाळ-उसळ, अंडं, शेंगदाणे वाढवावेत.

कोर्स संपल्यावर

"आता निगेटिव्ह झालो का, बघू" म्हणून पुन्हा टेस्ट करू नका. गोळ्या पूर्ण झाल्या तरी मँटू आणि इग्रा बहुधा पॉझिटिव्हच राहतात. त्यावरून उपचार फसले असं ठरत नाही, पण नव्या नोकरीच्या मेडिकलमध्ये मात्र गोंधळ उडतो. त्यामुळे चार कागद एका फाइलीत ठेवा आणि मोबाइलमध्ये फोटो: मूळ टेस्टचा रिपोर्ट, एक्स-रे, डॉक्टरांचं पत्र, कोर्स पूर्ण झाल्याची नोंद तारखांसह. पुढची दोन वर्षं चार लक्षणांवर लक्ष ठेवा. एखादं दिसलं तर एक्स-रे आणि बेडका, पुन्हा इग्रा नाही.

परदेशी जाणाऱ्यांना ही फाइल जास्त कामाला येते. ब्रिटनमध्ये सहा महिन्यांपेक्षा जास्त राहायचं असेल तर व्हिसासाठी छातीचा एक्स-रे लागतो. तिथे दवाखान्यात नोकरी धरली तर इग्राही होते. अमेरिकेत ग्रीन कार्डच्या मेडिकलमध्ये इग्रा असते. ती पॉझिटिव्ह आणि एक्स-रे स्वच्छ असेल तर त्यामुळे अर्ज अडत नाही. आखाती देशांचं मेडिकल सगळ्यांत कडक: तिथे एक्स-रेवर जुना डागही अडचणीचा ठरतो. नुसत्या सुप्त टीबीत एक्स-रे सहसा स्वच्छ असतो, तरी एजंटला पैसे भरण्याआधी स्वतःचा ताजा एक्स-रे काढून बघा.